हातातून सुटलेला पाना

नियुतोलू,
शनिवार, ८ ऑगस्ट

आदरणीय सेइनी आत्या,

तुमच्या पायांपाशी चटईवर बसून लिहिते आहे असं समजा. तुम्ही, आतोबा आणि ऑकलंडची सगळी मुलं खुशाल असाल. इथे आईची तब्येत ठीक आहे, गुडघा सोडून. मागच्या दारचं फणसाचं झाड, तुम्ही लावलेलं, यंदा इतकं धरलं आहे की शेजाऱ्यांच्या डुकरांनाही त्याचा कंटाळा आलाय.

तुमचं पत्र मंगळवारच्या बोटीने आलं. तुम्ही लिहिलंत, "माझा भाऊ जिवंत आहे की नाही ते एका शब्दात कळव. फिलिमोनेच्या पत्रावरून मला काही उमगत नाही. तू शिकलेली आहेस."

आत्या, मला याचं उत्तर येत नाही. एका शब्दात तर नाहीच. फोनवर सांगता आलं असतं असंही नाही, कारण तुमचा फोन स्वयंपाकघरात आहे आणि तिथे सगळ्यांचे कान त्याला लागलेले असतात. म्हणून मला जेवढं ठाऊक आहे तेवढं लिहिते. जिवंत की नाही, ते तुम्ही ठरवा. आमच्या घरात तो शब्द तसाही तुमचाच असतो.

बाबा उभे आहेत. जिथे होते तिथेच, किनाऱ्यापासून दोनशे पावलांवर, निजलेल्या पाण्याच्या मधोमध. पाणी गुडघ्याएवढं. भरती-ओहोटी त्या जागेला वळसा घालून जाते, आतलं पाणी हलत नाही. लहानपणी तुम्हीच मला सांगितलं होतं की तिथे शिंपले वेचायला गेलेली बाई तासाभराने परत येते आणि घरी संध्याकाळचा स्वयंपाक झालेला असतो. त्यात खोटं काही नव्हतं. खडकाच्या भेगेतून एक शक्ती वर येते. तिला इथल्या संशोधन केंद्रातले लोक अजून नाव देऊ शकलेले नाहीत. उधाणाच्या भरतीला ती दाटते, आणि ती जिथे दाटते तिथे वेळही दाटतो. काठाला थोडा, मधोमध फार. एरवी ती दुपारपर्यंत विरळ होते. बाबा आत गेले त्या दिवशी मधला भाग विरळ झाला नाही. का, ते विचारू नका, केंद्र चालवणाऱ्या हेस्टरबाईंनाही माहीत नाही.

आता तिथे हिशोब असा आहे की आमचे सतरा तास म्हणजे बाबांचा एक सेकंद. आम्ही चौदा महिने वाट बघतोय. त्यांची जेमतेम दहा मिनिटं झाली आहेत. त्यांना भूक लागलेली नाही, दाढी वाढलेली नाही. आपण हरवलो आहोत हे त्यांना माहीतच नाही. ते वाकून खडकावर केंद्राची पेटी बसवत होते आणि परवापरवापर्यंत बसवतच होते. केंद्रातल्या दुर्बिणीतून त्यांच्या मानेवरची शीर दिसते. ती चौदा तासांनी एकदा फुगते. मी कितीदा तरी डबा घेऊन तिथे बसून राहिले आहे, ती फुगेपर्यंत. आता सांगा, याला काय म्हणायचं?

आत जाऊन ओढून का आणत नाही, असं तुमचे जावई विचारतात ना? आत जाणाराही तितकाच मंद होतो, आणि पाणी आणखी दाटलं तर तोही अडकेल म्हणून केंद्र कुणाला जाऊ देत नाही. आणि बाहेरून दोर टाकून कितीही हलक्या हाताने ओढला, तरी बाबांना तो विजेसारखा हिसका बसेल, कंबर राहणार नाही. त्यांनी स्वतः मागे वळून दाटलेल्या भागाच्या कडेपर्यंत तीस-चाळीस पावलं चालत यायला हवं, बस. पण चालत या, हे त्यांना सांगायचं कसं? उजेड आत पोचतो, पण इतक्या दाटलेल्या पाण्यात आता आवाज पोचत नाही. असं का, हा प्रश्न केंद्राच्या भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवलेला आहे.

फिलिमोने काकांवर रागावू नका. तुम्हाला अंत्यविधीला बोलावणारं पत्र लिहिण्याआधी ते आमच्याकडे आले होते. ओसरीवर बसले, टोपी हातात.

"वहिनी," ते म्हणाले, "चौदा महिने झाले. तू ना नवऱ्याची ना विधवा. तुला रडायला एक जागा तरी हवी की नको?"

"रडायला मला तुमची जागा कशाला?" आई म्हणाली. "मी कुठेही रडते. काल डुकरांना खाऊ घालताना रडले."

"सेइनीताई येऊन उशाशी बसेल. तिच्या सालीच्या कापडात, त्या न्गातूत, त्याचे चांगले कपडे गुंडाळू आणि पुरू. लोकांना निदान कळेल काय ते."

"कपडे कुठले पुरणार? चांगला शर्ट तर तो घालून उभा आहे."

काका हसले, मग टोपीने डोळे पुसले. ते वाईट माणूस नाहीत. ते आठवड्यातून तीनदा किनाऱ्यावर येऊन भावाकडे बघतात आणि परत जातात. त्यांच्याने आता ते बघवत नाही, एवढंच.

पण त्यांना घाई करायला आणखी एक कारण आहे आणि ते खरं आहे. सप्टेंबरच्या अखेरीस वर्षातली सगळ्यात मोठी भरती येते. हेस्टरबाईंचं गणित सांगतं की त्या भरतीला मधला भाग असा घट्ट होईल की आजचे सतरा तास कुठल्या कुठे राहतील. बाबा त्याआधी निघाले तर आपल्यात येतील. नाही निघाले तर पेटीचे उरलेले दोन नट पिळून, हात पुसून ते किनाऱ्यावर येतील तेव्हा तिथे आपल्यातलं कुणीही नसेल. माझी नातवंडंही नसतील. अनोळखी लोकांना ते चर्चची वेळ विचारतील. हे हेस्टरबाईंनी मला सांगितलं तेव्हा त्या खिडकीबाहेर बघत होत्या.

आता चांगली बातमी लिहिते. ती आधी लिहायला हवी होती, पण तुम्ही घाईने वाचाल आणि मधलं सोडाल अशी भीती होती.

परवा गुरुवारी सकाळी आठ वाजता अपेनिसा धावत आमच्या घरी आला. अपेनिसा म्हणजे केंद्रातला फिजीचा तरुण शास्त्रज्ञ, ज्याला आपल्या बायका 'लांबोडा' म्हणतात. तो दारातून आत न येताच म्हणाला, "पाना सुटला."

"कुठला पाना?"

"तुझ्या बाबांच्या हातातला. बोटं उघडली आहेत. पाना हवेत आहे."

आत्या, चौदा महिने तो पाना त्या मुठीत होता. आम्ही किनाऱ्यावर गेलो तेव्हा तो त्यांच्या हातापासून वीतभर खाली होता, आणि नुसता हवेत होता. दहा वाजेपर्यंत सगळं गाव जमलं. मास्तरांनी शाळेची मुलं आणली. कुणीतरी उकडलेले तारोचे कंद आणले, कुणीतरी नारळ. आम्ही सगळे चटया टाकून बसलो आणि एक पाना पडताना बघत राहिलो.

"दिसतोय का कुणाला पडताना?" मास्तरांनी विचारलं.

"बघत बसलं की नाही दिसत," लोसे आजी म्हणाली. "मान वळवून एक नारळ पिऊन घ्या, मग बघा. माझ्या नवऱ्याचं काम असंच होतं."

दुपारी तो मांडीशी होता. तीनच्या सुमाराला त्याचं टोक पाण्याला लागलं. मग पाण्याला खळगा पडत गेला, त्याच्या कडा वर उठत गेल्या, आणि पाचच्या उन्हात तिथे काचेच्या फुलासारखं काहीतरी उभं राहिलं. फिलिमोने काका सगळ्यांत पुढे बसले होते, टोपी परत डोक्यावर घालून.

आणि बाबांचं डोकं किनाऱ्याकडे वळलेलं आहे. डोळे उघडे आहेत. ते काहीतरी बघत आहेत.

काय बघत आहेत ते मला माहीत आहे. ते लिहायचा धीर आज होत नाही. उद्या रविवार, उद्या पेन धरायचं नाही. सोमवारी लिहीन.

सोमवार, १० ऑगस्ट

आत्या, काल चर्चमध्ये पाद्रींनी बाबांसाठी प्रार्थना केली, आणि पहिल्यांदाच 'आमचा भाऊ सातेकी, जिथे असेल तिथे' असं न म्हणता 'आमचा भाऊ सातेकी, जो येतो आहे' असं म्हणाले. आईने माझा हात इतका दाबला की नखं रुतली.

ती मात्र घाबरलेली आहे. शनिवारी रात्रीच्या जेवणाला म्हणाली, "हा माणूस हत्यार टाकून येणारा नव्हे. तो पाना शोधायला वाकेल, बघ तू." अपेनिसालाही तीच भीती. वाकून, चाचपडून पाना शोधायला बाबांना एक मिनिट लागलं तर आमचा दीड महिना गेला, म्हणजे मोठी भरती आलीच. सगळं गाव दोन दिवस त्यांच्या कमरेकडे बघत होतं, ती वाकते की सरळ होते.

तुमच्या पत्रात दुसरा प्रश्नही होता. मी परवा तो वाचलाच नाही असं भासवलं. तुम्ही विचारलंत, "त्याने रविवार मोडला कसा? माझ्या भावाने आयुष्यात रविवारी लाकूड फोडलं नाही. त्याला तिथे कुणी पाठवलं?"

मी पाठवलं.

फिलिमोने काकांनी तुम्हाला लिहिलं की सातेकी आपल्या मनाने गेला. त्यांना तसंच वाटतं, कारण आम्ही कुणाला सांगितलं नाही. आईला मी गेल्या महिन्यात सांगितलं. तुम्हाला आज सांगते.

हेस्टरबाईंना शांतता हवी होती. त्यांची यंत्रं इतकी नाजूक की गावातल्या बायका कापडासाठी साल ठोकायला बसल्या की ती थरथरत आणि आकडे बिघडत. मला केंद्रात लागून तेव्हा पाच महिने झाले होते. मी ठोकायच्या घरात गेले आणि म्हणाले, भरतीच्या वेळी अर्धा तास हात थांबवाल का?

लोसे आजीने ठोकणी खालीसुद्धा ठेवली नाही. "पदवीधर बाई आल्या. सरका गं, जागा द्या. काय म्हणतात तुझी यंत्रं?"

"आवाजाचा त्रास होतो म्हणतात."

"मग घड्याळांच्या कानात कापूस घाला म्हणावं."

सगळ्या हसल्या, मीही हसले, आणि मला राग आला. मला वाटलं, यांना काही समजत नाही. केंद्राच्या कागदावर आपल्या ठोकण्याची नोंद 'अडथळे' या सदरात होती, वारा आणि बोटीचं इंजिन यांच्यामध्ये. मी ती तशीच वाचली. मी, जी त्या आवाजात वाढले. निजलेल्या पाण्यात गेलेली बाई काठावरची ठोक ऐकत असते. वेळ दाटू लागला की ठोक भराभर येऊ लागते, बारीक होऊ लागते, पत्र्यावर पाऊस पडावा तशी. ती तशी झाली की उठायचं आणि निघायचं. हे मला माहीत होतं. पण ते मला 'ज्ञान' वाटलं नव्हतं, आत्या. ते मला घरचं वाटलं होतं.

गावात ठोक नसते असा एकच दिवस. शनिवारी बाबा होडीचं इंजिन पुसत होते. मी म्हटलं, "उद्याची भरती अगदी हवी तशी आहे. पेटी बसवायला अर्धा तास लागेल."

"उद्या रविवार आहे."

"बाबा, घड्याळाला वार कळत नाही."

त्यांनी इंजिनावरून फडकं आणखी एकदा फिरवलं. मग म्हणाले, "ठोक नसेल. कळायचं कसं?"

मी म्हटलं, "पेटीत घड्याळ आहे. वेळ झाली की शिट्टी वाजेल."

त्यांनी माझ्याकडे बघितलं. माझ्या पदवीच्या दिवशी, तुम्ही माझ्या गळ्यात चॉकलेटांची माळ घातलीत तेव्हा, त्यांच्या चेहऱ्यावर जे होतं तेच तेव्हा होतं. घरात इतकं शिकलेलं कुणीतरी आहे आणि ती सांगते आहे. ते म्हणाले, "बरं. चर्चच्या आधी उरकतो. तुझ्या आत्याला मात्र सांगू नकोस."

म्हणून ते पांढरा शर्ट घालून गेले. इस्त्रीचा, रविवारचा, चर्चला जाताना बांधतात ती कंबरेची चटई बांधून, विजार वर दुमडून. दहाच्या प्रार्थनेला तिथूनच जाणार होते. तुमच्या भावाने रविवार मोडला नाही. त्याने तो थोडा पुढे ढकलला, माझ्यासाठी.

आणि घड्याळ तर त्यांच्याच शेजारी होतं, त्याच पाण्यात. तेही त्यांच्याबरोबरच मंद झालं. अजून त्याची अर्ध्या तासाची शिट्टी वाजायची आहे. शाळेतल्या पोरालाही सुचलं असतं. मला सुचलं नाही, हेस्टरबाईंना सुचलं नाही, आम्हा चार पदव्यांना मिळून सुचलं नाही.

यानंतरचं थोडक्यात लिहिते. हेस्टरबाई पळून गेल्या नाहीत, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवं. त्यांना परत बोलावणारी तीन पत्रं आली, त्या राहिल्या. मी त्या सात वर्षांच्या नोंदी काढल्या, ज्यांतून आपली ठोक पुसून टाकली होती, आणि पुसलेला भाग परत जोडला. आठ महिने तेच केलं. त्यातून दिसलं की निजलेल्या पाण्याचं सगळ्यात बारीक माप ती ठोकच देते, एकाही यंत्राला जमत नाही इतकं. सतरा तासांचा हिशोब तिच्यावरूनच निघाला. हेस्टरबाई ठोकायच्या घरात गेल्या, दारात खाली बसल्या आणि म्हणाल्या, "मी सात वर्षं तुमचं घड्याळ कचऱ्यात टाकत होते."

मी ते आपल्या भाषेत सांगितलं. लोसे आजी म्हणाली, "हिला आत घे. उंबऱ्यात बसू नये, मुंग्या आहेत."

आता केंद्राच्या शोधनिबंधावर लोसे आजीचंही नाव जाणार आहे. तिचं म्हणणं, ठोकणीचं नाव नसेल तर तिचंही नको.

बाबांसाठी आम्ही सगळं करून पाहिलं. रोज दुपारी बारा वाजता लोसे आजी किनाऱ्यावर एकच ठोका देत आली आहे, म्हणजे बाबांना तो सेकंद-दीड सेकंदाने एक असा, बरोबर आपल्या चालीत ऐकू यावा. रविवारी ठोका हे काम ठरेल का, म्हणून पाद्रींना विचारलं. ते तीन आठवडे विचार करत होते. मग एका रविवारी बाराला त्यांनी स्वतःच चर्चचा लाकडी नगारा एकदा वाजवला आणि म्हणाले, नगारा वाजवणं हे काम नाही. तेव्हापासून एकही दिवस चुकलेला नाही. पण आवाज आत जात नाही. आरसे लावले, निशाणं लावली. बाबांनी पेटीवरची नजर हलवली नाही. तुम्हाला त्यांची सवय माहीतच आहे, काम हाती असलं की घर जळलं तरी त्यांना कळत नाही. मग त्यांची नजर वळेल कशाने?

इथे मला एक जुनी गोष्ट लिहावी लागेल. मी सात वर्षांची असताना वादळात आपल्या घराचं छप्पर उडालं. पाणी आत येत होतं. आईकडे धाकटा होता, मी खाटेखाली. बाबा आले आणि त्यांनी सगळ्यांत आधी वर हात घालून आढ्यावरचं तुमचं न्गातू उतरवलं. साठ हातांची ती गुंडाळी खांद्यावर घेतली आणि चर्चकडे धावले. ती कोरडी ठेवून मग परत आले आणि मला उचललं.

मी हे कुणाला बोलले नाही. पण आत्या, मी ते पंधरा वर्षं मनात धरून होते. माझ्या बापाने आधी कापड वाचवलं आणि मग मला. शहरात वसतिगृहात असताना मी मैत्रिणींना सांगायची की आमच्याकडे बहिणीचा मान असा असतो, ती आली की भाऊ खोलीतून उठून जातो, तिच्या वस्तूला पाय लागू देत नाही, आणि सांगताना माझ्या आवाजात थोडी थट्टा असायची. त्याबद्दल क्षमा करा.

जुलैमध्ये काकांनी न्गातूचं नाव काढलं तेव्हा मला ते वादळ आठवलं. भर वादळात, मुलगी ओरडत असताना, ज्या एका गोष्टीकडे माझ्या बापाची नजर आधी गेली, ती कुठली? मी शिकलेलं काहीच इथे उपयोगी पडलं नाही. उपयोगी पडला तो पंधरा वर्षांचा राग.

ते न्गातू आता किनाऱ्यावर पसरलेलं आहे. तुमच्या लग्नाचं, आजीने आणि तिच्या बहिणींनी ठोकलेलं, तुमची नक्षी असलेलं. भरतीच्या रेषेला लागून, असं की खालची कड रोज भिजते आणि वरच्या भागाला ऊन लागतं. बाबांच्या डोळ्यांच्या कोपऱ्यात ते आलं, त्यांच्या हिशोबाने दहा-बारा सेकंदांनी. त्यांना काय दिसलं असेल ते तुम्हाला समजेल. आपल्या बहिणीचं न्गातू वाळूवर टाकलेलं आहे आणि त्याला समुद्र लागतो आहे.

म्हणून पाना सुटला.

खाऱ्या पाण्याने ते रोज फाटतं. रोज सकाळी आम्ही बारा जणी भिजलेले तुकडे काढतो आणि खळीने नवीन सालीचे जोड देतो. नवीन साल लागते म्हणून ठोकायचं घर दिवसभर चालू असतं. इतकी ठोक मी लहानपणीही ऐकली नव्हती. शाळा सुटली की मुली येतात. लोसे आजी म्हणते, "हे आता अर्धं सेइनीचं आणि अर्धं गावाचं. ती भांडायला आली तर तिच्या अर्ध्यावर बसवू." रविवारी जोड देत नाही, त्या दिवशी ते नुसतं भिजतं आणि मी शेजारी बसते.

काकांना मी सांगितलं की विधीसाठी आता कापड राहिलेलं नाही. ते ओरडतील असं वाटलं होतं. त्यांनी वाकून एक सुटलेली कड दाबून बसवली आणि म्हणाले, "तुझा बाप तुला चाबकाने फोडेल." मी म्हटलं, "फोडू देत." ते म्हणाले, "हो. फोडू दे."

आज सकाळी सातला अपेनिसाने दुर्बीण माझ्याकडे सरकवली. बाबा वाकलेले नाहीत. डावी टाच पाण्यातून सुटली आहे, तिच्यामागून चार थेंब निघाले आहेत आणि ते अजून खाली पडलेले नाहीत. गुडघा किनाऱ्याकडे आहे. त्यांच्या चेहऱ्यावर इतका राग आहे की आई तो बघून हसत सुटली आणि तिला खाली बसवावं लागलं. हेस्टरबाईंच्या हिशोबाने, ते असेच थेट आले तर पहिली पावलं दिवसादिवसाने पडतील, मग तासाने, मग आपल्यासारखी, आणि सप्टेंबरच्या मध्याला ते काठावर असतील. मोठ्या भरतीच्या आधी. मध्येच थबकले तर मात्र काही सांगता येत नाही. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर मला अजूनही येत नाही. पण जो येतो आहे, त्याला काय म्हणतात, ते तुम्हीच म्हणा.

तुमचं तिकीट पाच सप्टेंबरचं आहे असं तुम्ही लिहिलंत. ते रद्द करू नका. शोकात कंबरेला बांधायची चटई आणू नका. त्याऐवजी तुमच्या कपाटातली आजीची नक्षी उमटवायची पाटी आणा. नवीन जोडांवर नक्षी नाही, ते कोरे आहेत, आणि लोसे आजीला ती नक्षी नीट आठवत नाही, जरी ती तसं कबूल करत नाही.

तुमची परवानगी मागायला हवी होती. पत्र लिहून, बोटीची वाट बघून, तुमच्या उत्तराची वाट बघून. मी कागद घेऊन बसलेही होते. मग मनात आलं की तुम्ही 'नाही' लिहिलंत तर मला ते मोडता येणार नाही. आत्याचा शब्द मी आजवर मोडलेला नाही आणि पुढेही मोडणार नाही. म्हणून तो शब्द यायच्या आधीच, सत्तावीस जुलैच्या सोमवारी सकाळी, आईने खाट धरली, मी वर चढले आणि आढ्यावरून तुमचं न्गातू उतरवून समुद्राकडे नेलं.

तुम्हाला न विचारता तुमचं कापड भिजवणारी
तुमची भाची,
नाइते